सई परांजपे: ‘स्पर्श’च्या आधीची वर्षे

नौपाडकर (ठाणे)
आमच्या नौपाड्यातील चित्रपट मंडळात मला सई परांजपे यांच्या कामावर बोलायचे आहे. ‘स्पर्श’, ‘चश्मेबद्दूर’ आणि ‘कथा’ यांच्याविषयी पुष्कळ लिहिलेले मिळते. त्याआधीची दूरदर्शनवरची वर्षे मात्र बहुतेक जण एका वाक्यात उरकतात. त्या वर्षांना स्वतंत्र वेळ द्यावा का?

वाशीकर
अवश्य द्यावा. दिल्लीत प्रायोगिक प्रक्षेपण १५ सप्टेंबर १९५९ रोजी सुरू झाले आणि मुंबई केंद्र थेट २ ऑक्टोबर १९७२ रोजी. म्हणजे सईबाई दिल्लीत निर्मिती-दिग्दर्शन करू लागल्या तेव्हा आपल्याकडे माध्यमच चाचपडत होते. कृष्णधवल चित्र, लहानसा पडदा आणि बेताचे पैसे, त्यामुळे चेहरा आणि संवाद यांवरच सारी भिस्त असे. त्यांच्या ‘द लिटल टी शॉप’ या १९७२ च्या टेलिफिल्मला तेहरानमध्ये आशियाई ब्रॉडकास्टिंग युनियनचा पुरस्कार मिळाला. ‘स्पर्श’ पुन्हा पाहा: दिल्लीतील अंधांच्या संस्थेत चित्रित झालेल्या त्या चित्रपटातले महत्त्वाचे प्रसंग खोलीत बसून बोलणाऱ्या दोन माणसांचेच आहेत, आणि तरीही तो कोठे रेंगाळत नाही. सर्वोत्कृष्ट हिंदी चित्रपट आणि पटकथा या दोन्हींसाठी त्याला राष्ट्रीय पुरस्कार मिळाले. ही काटकसर मला दूरदर्शनची देणगी वाटते.

नेरूळची वाचक
वाशीकरांचे म्हणणे मला अर्धेच पटते. दूरदर्शनच्या आधी सईबाई पुणे आकाशवाणीवर निवेदिका होत्या आणि त्यानंतर राष्ट्रीय नाट्य विद्यालयात शिकल्या, हे विसरून चालणार नाही. स. गं. साठे यांच्या ‘ससा आणि कासव’ या नाटकावरचा ‘कथा’ डोळे मिटून ऐकला, तरी चाळीतले कोण बोलते आहे ते कळते. हा कान रेडिओ आणि रंगभूमीनेच तयार केलेला असणार.

माझा मोठा आक्षेप मात्र निराळा आहे. माहितीपट म्हणजे चित्रपटाआधीची उमेदवारी, असे आपण गृहीत धरतो (मराठी समीक्षेची ही जुनीच खोड). गावातील स्त्रियांच्या दारूबंदी आंदोलनावरचा ‘चूडियाँ’ हा माहितीपट १९९३ चा, म्हणजे ‘कथा’नंतर दहा वर्षांनी केलेला, आणि त्यालाही राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. नाव झाल्यावरही ज्या प्रकाराकडे दिग्दर्शिका परत जाते, त्याला पूर्वतयारी कसे म्हणावे?

नौपाडकर (ठाणे)
दोघांचेही आभार. मग कालक्रम सोडून मी ‘चूडियाँ’पासूनच सुरुवात करीन आणि तेथून मागे दूरदर्शनकडे जाईन. त्या दिवसांसाठी त्यांचे ‘सय’ हे आत्मकथन हाताशी आहेच.