जंप कट गोदारचे की एडिटरचे? (कालच्या पोस्टवरून)

कात्रीवाली: काल इथे एकाने ठोकून दिलं की ‘ब्रेथलेस’ या फ्रेंच पिक्चरचे जंप कट (चालू शॉटमधूनच मधला तुकडा उडवायचा, की चित्र टुणकन पुढे जातं) म्हणजे सगळं दिग्दर्शक गोदारचं डोकं, एडिटर काय, सांगेल तिथे कापणार. सटकलीच माझी. १९६० च्या त्या पिक्चरची एडिटर सेसील देक्यूजी, हाताखाली लिला हर्मन, माहेरची लक्ष्मणन बरं का. पिक्चर लांबलेला, दीड तासात बसवायचा, तर अख्खे सीन काढण्याऐवजी शॉटच्या पोटातूनच तुकडे काढले. उघड्या गाडीत नायिका जीन सीबर्गची मान मागून दिसते, मान तीच आणि पुढचं पॅरिस धडाधड बदलतं, ते काय आपोआप झालं? आणि त्याच वर्षी फ्रान्सपासून स्वातंत्र्यासाठी लढणाऱ्या अल्जेरियावाल्यांना मदत केली म्हणून बाई तुरुंगात, दोन वर्षं. बाहेर पिक्चर गाजतोय, ही आत.

निवांत_नाना: तुरुंगाबद्दल आदर आहे हो, पण त्याचा कटशी काय संबंध? हीच बाई पुढे रोमेर या दुसऱ्या दिग्दर्शकाकडे गेली. ‘माय नाइट ॲट मॉड्स’ (१९६९) बघा, माणसं नुसती बोलतायत, एक जंप कट दाखवा. मग स्टाइल कुणाची?

कात्रीवाली: नाना, तिथे बोलणारा सोडून ऐकणाऱ्याच्या तोंडावर शॉट किती वेळ राहतो ते बघा ना. तिथे हात आवरणं ही पण अक्कलच आहे.

निवांत_नाना: म्हणजे कापलं तरी एडिटर ग्रेट, नाही कापलं तरी एडिटर ग्रेट. वा!

काळा_कोट: फ्रान्सच्या १९५७ च्या कायद्यात पिक्चरचे लेखक म्हणून दिग्दर्शक आहे, पटकथावाला आहे, संगीतवाला सुद्धा आहे. एडिटरचं नाव नाही. विषय संपला.

कात्रीवाली: संपला कसा, तीच तर बोंब आहे!

रेंडर_६७_टक्के: कायद्याचं सोडा, मावसभावाच्या लग्नाची फिल्म मी केली, चार कॅमेऱ्यांचं फुटेज, पंधरा रात्री जागलो, हार्ड डिस्क पण माझीच, आणि मंगलाष्टकं सातावरून दोनवर आणली म्हणून आत्या अजून बोलत नाही. पैसे तर विचारूच नका.

सौ_स्पष्टवक्त्या: मंगलाष्टकं कापतात का कुणी? माझ्या जावेने रचलेली अशीच उडवली होती एकाने, आणि ड्रोनने काढलेलं पार्किंग मात्र चार मिनिटं.

रेंडर_६७_टक्के: ड्रोनचं भाडं नवऱ्याच्या बापाने भरलेलं असतं काकू. कापून दाखवा.

निवांत_नाना: घ्या, इथे तर प्रोड्यूसरच मालक निघाला. बरं कात्रीवालीबाई, देक्यूजीचं नाव मला कालपर्यंत माहीत नव्हतं, एवढं मान्य. एवढंच.

कात्रीवाली: उपकार झाले. स्क्रीनशॉट काढून ठेवलाय.

सौ_स्पष्टवक्त्या: ते राहू दे, जावेचं पाचवं मंगलाष्टक कुठे मिळेल का? रॉ फुटेज किती वर्षं ठेवता तुम्ही लोक?