मदत हवी आहे: विरुमांडी नीट सबटायटल्ससकट कुठे मिळेल?

नमस्कार मंडळी, कमल हासनचा २००४ चा तमिळ पिक्चर विरुमांडी वडिलांना दाखवायचाय, त्यात जल्लिकट्टू (तमिळनाडूतला बैलाला मिठी मारायचा खेळ) आहे आणि त्यांना बैलगाडा शर्यतीचं भयंकर वेड, घरची खिल्लार जोडी होती. मी पाहिली ती प्रिंट एकदम धुरकट आणि सबटायटल्स अर्धवट, आणि या पिक्चरमधे तर एकच गोष्ट तुरुंगातले दोन कैदी आपापल्या बाजूने सांगतात, त्यामुळे संवाद निसटला की कोण खरं बोलतंय तेच कळत नाही. मदुराईकडची बोली आहे, नेहमीची तमिळ समजणारेही अडखळतात म्हणे. चांगली प्रिंट कुठे आहे माहीत असेल तर प्लीज सांगा, हिंदी किंवा इंग्रजी काहीही चालेल, मी शेजारी बसून मराठीत सांगेन.

दुसरं, जल्लिकट्टू प्रत्यक्ष बघितलेलं कोणी आहे का इथे? वाडिवासल म्हणजे त्या अरुंद दारातून बैल सुटतो आणि गड्याने फक्त वशिंडाला मिठी मारून टिकायचं, शिंगं किंवा शेपूट धरायची नाही, एवढं माहितीये. पोंगलला मदुराईजवळ अवनियापुरम, पालमेडू, अलंगानल्लूर अशी ओळीने असतात, त्यातलं म्हाताऱ्या माणसाला बसून बघता येईल असं कुठलं? गॅलरीचे पास कसे मिळतात? २०२३ मधे सुप्रीम कोर्टाने जल्लिकट्टू आणि आपली शर्यत एकाच निकालात कायम ठेवली तेव्हापासून वडिलांचा धोशा चाललाय, एकदा मदुराईला ने म्हणून. जानेवारीत नेईन म्हणतोय.