कळस की शिखर? (फलकासाठी हवं आहे)

काळीमाती: गावच्या महादेवाच्या देवळापुढं माहितीफलक लावायचाय, मजकूर माझ्या गळ्यात. मी लिहिलं, ‘कळसावर जुनी नक्षी’. गुरुजींनी लाल रेघ मारली: "कळस म्हंजे वरचा घडा. घड्यावर कुठं नक्षी हाय?" पण फाट्यावर उतरल्याबरोबर ‘कळस दिसला’ म्हणून लोक हात जोडतात, तेव्हा अख्खा डोलाराच दिसत असतो ना?

बोरूबहाद्दर: गुरुजी बरोबर. भिंत ती जंघा, तिच्यावर शिखर. शिखराचा खांदा तो स्कंध, मग ग्रीवा म्हणजे मान, आमलक आणि शेवटी कळस. देऊळ म्हणजे उभा देह. खांद्याला डोकं म्हणाल का?

पारावरचा: आमलक म्हंजे आवळाच की, फाका पडलेला. गवंड्याले ‘आमलक’ म्हणा, तोंडाकडं पाहात राहील. ‘आवळा’ म्हणा, घडवून देईल.

काळीमाती: मग फलकावर आवळा लिहू?

वैनगंगाकाठ: ते सोडा, ‘गर्भगृह’ तेवढं लिहू नका. गाभारा लिहा.

बोरूबहाद्दर: शुद्ध शब्द असताना अपभ्रंश कशाला?

वैनगंगाकाठ: गर्भागार झिजून गाभारा झाला, देवकुलाचं देऊळ झालं. तुम्ही ‘देवकुलात जाऊन येतो’ म्हणता का? आमची बुढी सांगे, गाभण गाईले अंधार लागते, देवालेही लागते, म्हणून गाभाऱ्याले खिडकी नाही. गाभण आन् गाभारा एकाच मुळातले, हे तिले कोणत्या कोशानं सांगितलं होतं?

पारावरचा: खिडकी नाही कारण वर एवढा दगड. भिंत फोडून पाहा मंग.

बोरूबहाद्दर: एवढंच असतं तर मंडप उघडा का ठेवला? उजेडातून अंधारात जायचं, दिव्याच्या उजेडात मूर्ती पाहायची. अर्थ आहे त्याला.

पारावरचा: बरं, फलकावर ‘हेमाडपंती’ टाकलं का? त्याबिगर पावण्याले देऊळ जुनं वाटत नाही.

बोरूबहाद्दर: हेमाडपंत म्हणजे हेमाद्री, देवगिरीच्या यादवांचा मंत्री, 13वं शतक. गडचिरोलीतल्या मार्कंड्याचं देऊळ त्याच्या आधीचं, तरी तेही हेमाडपंतीच म्हणवतात!

वैनगंगाकाठ: आता तो माणसाचा शब्द राह्यला कुठं? चुन्याबिगर दगडावर दगड बसवला की हेमाडपंती. संपलं.

काळीमाती: अहो, पाटी रंगवणारा उद्या सकाळी येतोय. कळस की शिखर?

पारावरचा: आधी सांगा, तुमच्या देवळात चुना हाय का?