गोचीडताप झालेल्या कुत्र्याला विमा मागणं फुकटेपणा आहे का?

राजाची आई, दापोली
कालच्या पोस्टमध्ये एकाने लिहिलंय, 'आजारी कुत्र्याचा विमा मागणारे घर पेटल्यावर आगीचा विमा काढायला धावतात.' वाचल्यापासून डोक्यातून जात नाही. आमच्या राजाला गोचीडताप झाला. डॉक्सीसायक्लिनचा 28 दिवसांचा कोर्स पुरा केला, प्लेटलेट वर आल्या, बरा झाला. त्यानंतर विमा काढला. अर्जात ताप लिहिला, काही लपवलं नाही. दीड वर्षाने नाकातून रक्त आलं आणि दावा फेटाळला. कारण, आधीचा आजार! अहो, आंब्याच्या कलमांत फिरणाऱ्या कुत्र्याला इथे गोचीड चावतेच. लागण जुनी की नवी, ठरवलं कोणी? माणसाच्या आरोग्य विम्यात आधीच्या आजारासाठी 2024 पासून जास्तीत जास्त 36 महिने थांबावं लागतं. राजाच्या पॉलिसीत मुदतच नाही, तो आजार कायमचा बाहेर.

वाशिष्ठीकाठ
ताई, पोस्ट माझीच. 22 वर्षं विम्यात काढली आहेत. हा जंतू शरीरात वर्षानुवर्षं दबून राहतो, बरं झाल्यावरही अँटीबॉडी दिसतात. कंपनीने ओळखायचं कसं? आजारी जनावरं आत घेतली की हप्ता वाढतो, मग निरोगी कुत्र्याचा मालक भरेल कशाला? पिल्लू असतानाच काढायचा होता.

राजाची आई, दापोली
पिल्लू? राजा हर्णै बंदरावर मासळीच्या लिलावात सापडला, तेव्हाच दीडेक वर्षाचा होता. अशांनी काय करायचं?

देवगडवाली
विमा राहू दे, तपासणी कुठे होते? आमच्याकडच्या सरकारी दवाखान्यात सगळा भर गाई-म्हशींवर. मांजराचं रक्त घाट चढून कोल्हापूरला पाठवलं मी.

मालवणचो
गायींचा तरी खंय धड होता? आमच्या गायीच्या कानातलो विम्याचो बिल्लो करवंदीच्या जाळीत तुटान पडलो. म्हयन्यान साप चावान गाय मेली. पंचनामो झालो, डॉक्टरान सही केल्यान. बिल्लो नाय तर पैसो नाय, म्हणान सांगल्यानी.

वाशिष्ठीकाठ
बिल्ला पडला की लगेच कळवून नवा मारून घ्यायचा असतो. नाहीतर मेलेली गाय तीच, हे कशावरून?

मालवणचो
दोनदा फोन केलंय! कोण येवक नाय. दुभती गाय होती ती. खुर्चेत बसान माका शिकवू नको.

देवगडवाली
आमच्या शेजारच्या काकांच्या म्हशीचंही हेच झालं. बिल्ला पडला, दोन महिने माणूस आला नाही. त्यांनी पुढे हप्ताच भरला नाही.

वाशिष्ठीकाठ
अरे-तुरे नको. फोन करूनही माणूस पाठवला नसेल तर चूक कंपनीची, हे मानतो.

राजाची आई, दापोली
मग माझंही माना. वर्षभर लक्षण नाही, प्लेटलेट चांगल्या, तर नव्या लागणीचे पैसे मिळायला हवेत. जुनीच आहे म्हणायचं तर कंपनीने दाखवावं.

वाशिष्ठीकाठ
पूर्ण बऱ्या होणाऱ्या आजारांपुरतं ठीक आहे. मधुमेह, हृदयविकार नाही, तिथे मी हलणार नाही. आगीची उपमा मागे घेतो.

मालवणचो
आणि माझ्या गायीचा?