मदत हवी आहे : आठवणींप्रमाणे बदलणाऱ्या घराचा जिना

नमस्कार मंडळी,

एक दीर्घकथा लिहायला घेतली आहे आणि सातव्या प्रकरणात घोडं अडलंय. जाणकारांनी, आणि नुसतं डोकं लढवायला आवडतं त्यांनीही, मदत करावी.

कथेतलं घर आत वावरणाऱ्या माणसाच्या आठवणींना दाद देतं. भूतबित काही नाही, हे आधीच सांगते. कुणी काही मनापासून आठवलं की भिंती, दारं, जिने तसे होऊ लागतात. बहीण कित्येक वर्षांनी घरात येते. लहानपणी दगडी जिन्याच्या पायऱ्या तिला गुडघ्याएवढ्या वाटायच्या, म्हणून आता त्या खरंच तेवढ्या होतात आणि चाळिशीतली बाई धापा टाकत चढते. इथवर लिहायला मजा आली.

मग मी भाऊ आणला आणि फसले. तो लहानपणी याच जिन्यावरून पडला होता. त्याच्या आठवणीत जिन्याला कठडाच नव्हता. बहिणीच्या आठवणीत लोखंडी कठडा होता, आणि तो पडला तेव्हा ती कठडा घट्ट धरून उभी होती. आता दोघं एकाच वेळी जिन्यावर आहेत. घरानं काय करावं?

सरासरी काढली तर अर्धा कठडा येतो, आणि वाचक हसतील. ज्याची आठवण जास्त तीव्र त्याचं घर, असं म्हटलं तर भाऊच जिंकणार, कारण पडला तो. बहिणीवर हा अन्याय वाटतो.

दुसरी अडचण. १९७५ साली गॉडन आणि बॅडली यांनी डायव्हरांवर, म्हणजे पाण्याखाली उतरणाऱ्या माणसांवर, प्रयोग केला होता. पाण्याखाली पाठ केलेले शब्द पाण्याखालीच जास्त आठवले, काठावर पाठ केलेले काठावर. म्हणजे जागाच आठवण जागी करते. माझ्या घरात आठवणीमुळे जागा बदलते, बदललेली जागा आणखी आठवणी उकरते, त्यांनी जागा पुन्हा बदलते... स्पीकरसमोर माइक धरल्यावर जी शिट्टी वाजते, तसं होतंय. हे थांबवायचं कुठे?

प्रतिसाद १
दुसऱ्या अडचणीवर उपाय: दार. एका खोलीतून दुसरीत गेलं की कशाला आलो तेच विसरतो ना आपण? त्यावर रीतसर प्रयोग झालेत. उंबरठा ओलांडला की आठवणीचा जोर ओसरतो, एवढा नियम करून टाका. शिट्टी त्या खोलीपुरती राहील.
अवांतर: हे घर भाड्यानं दिलं तर? भाडेकरूला कसल्याच आठवणी नाहीत. घर बिचारं कंटाळून जाईल.

प्रतिसाद २
बांधकामातला आहे, त्यामुळे माझा आक्षेप वेगळा. तुमचं घर फार लगेच ऐकतं. खरी इमारतही ऐकते, पण आपल्या गतीनं. दमट हवेत लाकडी दार फुगून चौकटीत अडकतं, त्याला काही दिवस पुरतात. काँक्रीटची तुळई कायमच्या वजनाखाली वर्षानुवर्षं कणाकणानं वाकत राहते. दगडी पायरी मधोमध झिजायला पिढ्या जातात. प्रत्येक वस्तूला तिचा वेग द्या: पडदे क्षणात, दारं दिवसात, दगड जवळजवळ नाहीच. मग पायऱ्या गुडघ्याएवढ्या होणार नाहीत, याचं वाईट वाटतंय, पण घर खरं वाटेल.
आणि एक. कठडा नाहीसा झाला तर चालेल, त्याच्यावर छताचा भार नसतो. भार घेणारी भिंत कुणी विसरलं तर तुमची कथा सातव्या प्रकरणातच आटोपेल.

प्रतिसाद ३
आठवण म्हणजे कपाटातला फोटो नव्हे, हे धरून चाला. २००० साली नेडर, शेफ आणि लेडू यांनी उंदरांवर दाखवलं, की पक्की झालेली भीतीची आठवण पुन्हा जागी केली की काही काळ कच्ची होते आणि तिला नव्यानं पक्कं व्हावं लागतं. त्या वेळात तिच्यात ढवळाढवळ होऊ शकते. भाऊ तो जिना आयुष्यभर आठवत आलाय. म्हणजे सगळ्यात जास्त हाताळलेली आठवण त्याचीच. तीव्र असेल, पण म्हणून खरी असेलच असं नाही. बहिणीचंही तेच.
मी तुमच्या जागी असते तर दोघांनीही कधीच न आठवलेली एखादी वस्तू शोधली असती. घर तिला हात लावू शकत नाही. खरं काय ते तिथेच उरलेलं असेल.

धागाकर्ती
प्रतिसाद ३, तुम्ही कुठे होतात इतके दिवस! कठड्याचे गज पायरीत बसवतात ती भोकं! ती कोण कशाला लक्षात ठेवेल? प्रतिसाद २, दगडी पायरीत लोखंडी गज कसा बसवत असत? नुसतं भोक पाडून?
(गुडघ्याएवढ्या पायऱ्या मात्र ठेवणार. सॉरी.)

प्रतिसाद २
दगडात खोबण घेऊन, गज उभा करून, भोवती वितळलेलं शिसं ओतायचे. गज कापून नेला तरी बुंधा आत राहतो. त्यात पाणी मुरलं की लोखंड गंजतं, गंज फुगतो आणि दगडाला तडा जातो. तडा खोबणीपासून पायरीच्या कडेकडे निघतो.
पायऱ्यांचं बघा बुवा, तुमचं घर.

धागाकर्ती
तडा बहिणीला नाही, भावाला दिसणार. खाली बसून बोट फिरवेल त्यावरून. आजच लिहायला बसते.