‘अनिर्धारित हेतू’: निर्धार नेमका कोणाचा?

डिचोलीहून प्रश्न

मी इस्पितळाच्या रेकॉर्ड विभागात कोडिंग करते, म्हणजे केसपेपरवरच्या आजाराला किंवा इजेला ठरलेला कोड लावते. आयसीडी-१० या आजार-इजांच्या आंतरराष्ट्रीय कोडयादीत वाय १० ते वाय ३४ असा एक गट आहे. माणसाला इजा झाली, पण ती अपघाताने झाली, त्याने स्वतः करून घेतली की दुसऱ्या कुणी केली, हे हाती असलेल्या माहितीवरून ठरवता येत नाही, अशा घटना त्यात जातात. नव्याने लागलेल्या मुलींसाठी मी मराठीत टिपणं काढतेय. त्यात या गटाला ‘अनिर्धारित हेतू’ म्हटलं, तर एकीने विचारलं, “म्हणजे त्या माणसाचा निर्धार पक्का नव्हता का?” मला उत्तर सुचेना. योग्य शब्द कोणता?

फोंड्याहून

ताई, त्या मुलीला शाबासकी द्या. हिंदीत ‘निर्धारित’ म्हणजे ठरवलेलं, पण मराठी माणूस ‘निर्धार’ ऐकतो तेव्हा त्याला मनाचा निश्चय ऐकू येतो. ‘अनिश्चित हेतू’ म्हणा, तरी डगमगतं ते रुग्णाचंच मन. ‘अनिर्णित’ म्हटलं की फुटबॉलचा बरोबरीत सुटलेला सामना आठवतो. इथे ठरत नाहीये ते नोंद करणाऱ्याचं, आणि यातले पहिले दोन शब्द तो भार रुग्णावर टाकतात.

‘हेतू’ही तपासा. ‘खुनामागचा हेतू’ म्हणतो तेव्हा आपल्याला कारण विचारायचं असतं: पैसा, वैर, मत्सर. कोडला कारण नको आहे. कृती मुद्दाम झाली का आणि कुणाकडून, एवढंच त्याला हवं. त्यासाठी ‘उद्देश’ जवळचा वाटतो.

आणखी एक, मला फार मोलाचं वाटतं ते. अपघात, आत्मघात, घातपात. तुमच्या पुस्तकातले पहिले तीन गट मराठीने एकाच ‘घात’मधून घडवले आहेत. चौथ्यासाठी मात्र शब्द नाही. घात झाला एवढं दिसतं आणि त्याच्या मागेपुढे काय जोडायचं ते कळत नाही, अशी ही जागा आहे.

पेडण्याहून

मी कॅज्युअल्टीत काम केलंय, म्हणून ‘अज्ञात’ या शब्दाबद्दल सावध करतो. केसपेपरवर कुणी काहीच लिहिलं नाही तर उद्देश अज्ञात. विचारपूस केली, तपासलं आणि तरीही ठरलं नाही, तर ती वेगळी गोष्ट. अमेरिकेत वापरतात त्या आवृत्तीत हा फरक नियमातच आहे: उद्देश ठरवता येत नाही अशी स्पष्ट नोंद असेल तरच हा गट, नुसतंच काही लिहिलेलं नसेल तर अपघात. म्हणजे कोऱ्या जागेला या गटाचा कोड लावायचा नाही.

पण खरी गफलत शब्द निवडण्याआधी, क्रियापदात होते. नातेवाईक कोकणीत सांगतात, “माडावयल्यान पडलो”. आपण लिहितो ‘माडावरून पडला’, आणि डब्ल्यू १४, झाडावरून पडणे, अपघात असा कोड लागतो. पाडेलीच्या, म्हणजे माडावर चढून नारळ पाडणाऱ्याच्या, बाबतीत बहुतेक वेळा ते खरंही असतं. पण पुलाखाली किंवा गच्चीखाली कुणी सापडलं तर? पडला, उडी मारली, ढकललं यांतलं एक क्रियापद लिहिलं की निकाल देऊन झाला. वाय ३० च्या शीर्षकात म्हणूनच पडणे, उडी मारणे, ढकलले जाणे ही तिन्ही एकत्र आहेत. बुडणे आणि बुडवणे यांचंही तसंच. नदीत देह मिळाला तर ‘पाण्यात आढळला’ एवढंच लिहावं. ‘बुडून मेला’ म्हटलं की वाचणारा तो अपघातच धरतो.

आपल्या गावात फवारणीच्या विषालाही ‘औषध’ म्हणतात. ‘औषध घेतलं’ असं केसपेपरवर आलं तर ते शेतातलं की मेडिकलमधलं? कीटकनाशक वाय १८, औषधी गोळ्या वाय १० ते वाय १४. इथे नातेवाइकांना पुन्हा विचारावंच लागतं. दमून आलेल्या माणसांना तो प्रश्न हळू आवाजात विचारायचा, एवढं मात्र शिकवा.

डिचोलीहून

दोघांचेही आभार. मी टिपणात असं लिहिलंय: ‘उद्देश ठरवता न आलेली इजा’. लांब आहे, पण ठरवता न आलेलं आपल्याला, हे त्यात दिसतं. ‘अज्ञात’ला वेगळी ओळ दिली.

मुलींना आज एक गंमत सापडली, तीही लिहिते. मराठीत ‘हाताला लागलं’ म्हणतात. कुणी लावलं ते त्यात नाही, मुद्दाम की चुकून तेही नाही. ‘भाजलं’, ‘खरचटलं’ तसंच. ‘हात कापला’ मात्र दोन्हीकडे झुकतो. रुग्ण बोलतो तेच वाक्य आधी जसंच्या तसं उतरवायचं आणि कोड मागाहून शोधायचा, असं आम्ही ठरवलंय.

फोंड्याहून

‘लागलं’ माझ्या ध्यानातच आलं नव्हतं. पहिल्याच पानावर घाला.