केन लोच यांचा कोणता सिनेमा आधी दाखवावा?

इंदोरा_वाचनालय: नागपुरात इंदोऱ्याच्या आमच्या वाचनालयात महिन्यातून एकदा सिनेमा दाखवतो. येणारी पोरं बहुतेक डिलिव्हरीचं काम करतात. यावेळी ब्रिटिश दिग्दर्शक केन लोच यांचा सिनेमा लावायचा आहे. कोणता लावू?

कोळसापट्टा: दादा, डोळे झाकून ‘सॉरी वी मिस्ड यू’ (2019) लावा. न्यूकॅसलचा रिकी कुरिअरसाठी व्हॅन घेतो आणि त्यापायी बायकोची गाडी विकतो. ती घरोघरी जाऊन म्हाताऱ्या-आजाऱ्यांचं करणारी. मग तिला बसने हिंडावं लागतं. कागदोपत्री रिकी नोकर नाहीच, ‘स्वतःचा मालक’. म्हणून खाडा झाला की दंड त्याच्याच माथी. दोन मिनिटं गाडीबाहेर राहिला की हातातलं यंत्र वाजतं. लघवीसाठी गाडीत बाटली. मे महिन्यात भर दुपारी सीताबर्डीवर ऑर्डरसाठी ताटकळणाऱ्या पोरांना यातलं काहीच समजावून सांगावं लागणार नाही.

माझा जीव मात्र ‘केस’मध्ये (1969) अडकलाय. बाबा उमरेडच्या कोळसा खाणीत होते. सिनेमातल्या, इंग्लंडमधल्या बार्न्सलीच्या बिलीचा थोरला भाऊही खाणीत. शाळेच्या दृष्टीनं बिलीचंही भविष्य ठरल्यातच जमा. पण वर्गात तो आपल्या पाळलेल्या ‘केस’ नावाच्या ससाण्याबद्दल सांगायला लागतो. पायाला चामडी पट्ट्या कशा बांधायच्या, मांस दाखवून मुठीवर कसं बोलवायचं... आणि ज्याला कोणी मोजत नव्हतं, त्याचं सगळा वर्ग कान देऊन ऐकतो! लोच गरिबाची कीव करत नाहीत, त्याला काय येतं ते दाखवतात. मला ते म्हणूनच मोठे वाटतात.

धरमपेठ_७२: त्यांचं टीव्हीवरचं काम विसरू नका जी. ‘कॅथी कम होम’ 16 नोव्हेंबर 1966 ला बीबीसीवर लागला, सुमारे 1 कोटी 20 लाख लोकांनी पाहिला. घर गेलेल्या कॅथीची लेकरं शेवटी रेल्वे स्टेशनवर तिच्यापासून ओढून नेतात. बेघरांचा प्रश्न त्यानं देशभर ऐरणीवर आणला. मग 1980 च्या दशकात त्यांचे कामगार संघटनांवरचे माहितीपट चॅनल फोर या वाहिनीनं दाखवलेच नाहीत. तरी माणूस हटला नाही. 2006 आणि 2016, दोनदा कान चित्रपट महोत्सवाचा सर्वोच्च पुरस्कार.

इंदोरा_वाचनालय: ‘सॉरी वी मिस्ड यू’ नक्की. पोरं रात्री अकरानंतरच मोकळी होतात, म्हणून तेव्हाच लावतो. मराठी सबटायटल कोणी केले असतील तर कळवा, नाहीतर आम्हीच बसून करू.

कोळसापट्टा: मी येतो मदतीला. रविवारी सकाळी चालेल?